‘सगळं मिळून चार लाख’: चित्रपटाचं संगीत घ्यावं का?

वाचकाचं पत्र, थोडक्यात:

स.न.वि.वि.
मी गोव्यात, डिचोली तालुक्यात राहतो. वय ३४, पेशाने शिक्षक. लहानपणापासून हार्मोनियम वाजवतो. भजनाला, जत्रेतल्या नाटकांना साथ करतो. कला अकादमीच्या नाट्यस्पर्धेतल्या काही नाटकांना संगीतही दिलं आहे. आता ओळखीच्या एका दिग्दर्शकाने मराठी चित्रपटाचं संगीत कर म्हणून सांगितलंय. लांबी १ तास ५० मिनिटं, ४ गाणी आणि संपूर्ण पार्श्वसंगीत. सगळं मिळून ४ लाख. गायक, वादक, स्टुडिओ त्यातच. निम्मे पैसे आता, उरलेले सरकारी योजनेची रक्कम आल्यावर. २ महिन्यांत काम हवंय. करारात ‘सर्व हक्क रॉयल्टीसकट कायमचे निर्मात्याचे’ असं वाक्य आहे. घरी संगणक आणि माइक आहे, स्टाफ नोटेशन (पाश्चात्त्य स्वरलेखन) मात्र येत नाही. काम घ्यावं का? आणि पुढे याच क्षेत्रात राहायचं तर मुंबई गाठावीच लागेल का?
– एक वाचक, डिचोली

उत्तर:

काम घ्या. पत्रात लिहिलेल्या अटींवर मात्र घेऊ नका.

गाण्यांची काळजी आम्हाला वाटत नाही. नाटकाला चाली लावणाऱ्याला प्रसंग कळतो, शब्दांचं वजन कळतं, गायकाची पट्टी कळते. तुमचा जीव काढणार आहे ते पार्श्वसंगीत, आणि नवख्या संगीतकाराचा हिशोब नेमका तिथेच चुकतो, कारण त्याच्या डोळ्यांसमोर फक्त गाणी असतात. ११० मिनिटांच्या पटात ४५ ते ६० मिनिटं पार्श्वसंगीत सहज लागतं. एकटा माणूस दिवसभर बसला, तर चित्राला बसवून, वाजवून, ऐकण्याजोगं करून २ ते ३ मिनिटं हाती लागतात. ५० मिनिटं धरली तर १७ ते २५ पूर्ण दिवस झाले, आणि यात दुरुस्त्या धरलेल्या नाहीत. तुम्ही शाळा करून संध्याकाळी बसणार, म्हणजे दिवसाला मिनिटभर. त्यात ४ गाण्यांचं ध्वनिमुद्रण आलं. चाल एका रात्रीत होते. गायकाची तारीख, तबला, बासरी, डबिंग, मिक्सिंग धरून गाण्यामागे आठवडा जातो. २ महिन्यांत हे बसत नाही. ४ महिने मागा, आणि पार्श्वसंगीताची मुदत कराराच्या तारखेपासून न मोजता संकलन कायम झाल्याच्या दिवसापासून मोजायची असं लिहून घ्या.

हे शेवटचं फार महत्त्वाचं. ‘पिक्चर लॉक’ झाल्याशिवाय पार्श्वसंगीताचा एकही सूर पक्का करू नका. तुम्ही सव्वा मिनिटाचा तुकडा चित्रावर नेमका बसवायचा आणि संकलकाने मधले १४ फ्रेम काढायचे, की त्यापुढची प्रत्येक जागा अर्ध्या सेकंदाहून जास्त सरकते. प्रसंगांच्या धून, पात्रांचे सुरावटीचे धागे, वाद्यांची निवड एवढं आधी करता येतं. बसवणं नंतर.

लॉक झालेलं चित्र हाती आलं की दिग्दर्शकाबरोबर बसून पूर्ण पट एकदा न थांबता बघा. मग दुसऱ्यांदा, थांबत थांबत, वहीत नोंद करत. प्रत्येक तुकड्याला क्रमांक द्या. पट रिळांमध्ये विभागतात, त्यामुळे तिसऱ्या रिळातला सातवा तुकडा ‘३एम७’. त्यापुढे सुरुवातीची वेळ, शेवटची वेळ, आणि एका ओळीत तो तुकडा तिथे कशाला हवा याचं कारण. कारण सुचत नसेल तर तिथे संगीत नको. नाटकात ऑर्गनवाल्याला पोकळी भरायची सवय असते. नट बोलायचा थांबला की बोटं आपोआप पट्ट्यांवर जातात, आणि रंगमंचावर ते शोभतंही. पडद्यावर त्याच पोकळीत पात्राचा श्वास असतो, पावसाचा, पंख्याचा आवाज असतो, ध्वनिसंयोजकाने तिथे बरंच काही ठेवलेलं असतं. संगीत संवादाच्या पहिल्या शब्दावर सुरू करू नका. आधीच्या नजरेवर किंवा वाक्य संपल्यावर आत या. संपवताना दाराचा, गाडीचा, लाटेचा आवाज आला की त्याखाली शेपूट विरू द्या, म्हणजे संगीत थांबलं हे कोणाला जाणवतही नाही.

दिग्दर्शकाने संकलन करताना दुसऱ्या कुठल्या पटाचं संगीत तात्पुरतं लावलेलं असणार. ते महिनाभर ऐकून तो त्याच्या प्रेमात पडतो आणि ‘असंच काहीतरी’ मागतो. हुज्जत घालू नका. त्यातलं काय आवडतं एवढंच विचारा: गती, वाद्य, की रिकामेपणा? उत्तर बहुधा ‘गती’ येतं. ती घ्या आणि सुरावटीला हात लावू नका.

नाटकाची दुसरी सवय मोडावी लागेल ती तालाची. रंगमंचावर तुम्ही नटामागून जाता, तो रेंगाळला तर तुम्ही रेंगाळता. चित्र कोणासाठी थांबत नाही, म्हणून लय गणिताने ठरवावी लागते. समजा, नायक जिना चढतो आणि तुकडा सुरू झाल्यापासून बरोबर ३८व्या सेकंदाला दार उघडतो. सम, म्हणजे आवर्तनाची पहिली मात्रा, दारावर हवी आहे. मनात मिनिटाला ७६ मात्रांची लय आहे. ८ मात्रांच्या केरव्याची ६ आवर्तनं म्हणजे ४८ मात्रा, त्या ७६च्या लयीत ३७.८९ सेकंदांत संपतात. सेकंदाला २४ फ्रेमच्या पटात सम अडीच फ्रेम आधी पडली. लय ७५ केली तर ३८.४ सेकंद, म्हणजे जवळपास १० फ्रेम उशीर. गणित उलटं करा: ४८ गुणिले ६० भागिले ३८, उत्तर ७५.७९. संगणकाला दशांशातली लय चालते, आणि तबलजीच्या कानात क्लिक (लयीची टिकटिक) आली की त्यालाही चालते. अगदी नेमकं जुळत नसेल तर सम एखादी फ्रेम मागे राहिलेली बरी; डोळा आधी बघतो, कान मागून येतो. आधी पडलेली सम मात्र प्रेक्षकाला खटकते, का खटकली ते सांगता येत नाही इतकंच. आणि प्रत्येक दारावर सम आणू नका, ते कार्टून होतं. रिळात एखादीच जागा तशी पुरे.

संकलकाकडून व्हिडिओ घेताना पहिला प्रश्न विचारायचा तो फ्रेमच्या वेगाचा. पट २४चा आणि तुमचा प्रोजेक्ट २५चा असेल तर फरक ४ टक्के, तो लगेच लक्षात येतो. फसवतो तो २३.९७६ आणि २४मधला फरक. तासाला ३.६ सेकंद, २० मिनिटांच्या रिळात १.२ सेकंद. सुरुवात जुळते आणि शेवट घसरतो, मग लोक तासन्‌तास तुकडे हाताने सरकवत बसतात. व्हिडिओवर टाइमकोड (प्रत्येक फ्रेमची वेळ) छापून मागा. ध्वनी ४८ किलोहर्ट्‌झ, २४ बिटमध्ये ठेवा. गाण्यांच्या स्टुडिओत ४४.१वर काम करायची सवय अजून आहे, आणि ती फाइल रूपांतर न करता ४८ समजून वाजली तर काळी एकचं (पेटीच्या पहिल्या काळ्या पट्टीला सा धरलेलं) गाणं पांढरी दोन आणि काळी दोनच्या अधेमधे कुठेतरी जाऊन बसतं. हा अपघात ऐनवेळी, फायनल मिक्सिंगच्या दिवशी होतो.

आता स्टाफ नोटेशन. ते न येणं ही अडचण आहे, नामुष्की नाही. हिंदी चित्रपटाचा वाद्यवृंद उभा राहिला तो या कामाच्या वाटणीवर: संगीतकार पेटीवर चाल देई आणि अरेंजर ती व्हायोलिन, चेलो, ट्रम्पेटसाठी कागदावर उतरवी. त्या कागदावर गोमंतकीयांचे हात होते. चर्चच्या शाळांमधून सोल्फा (पाश्चात्त्य सरगम) शिकलेले वादक मुंबईला गेले. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस, शंकर-जयकिशन आणि ओ. पी. नय्यर यांच्यासाठी संयोजन करणारे सेबॅस्टियन डिसोझा ही त्यातली ठळक नावं. शंकर-जयकिशन यांच्याकडे तालाची बाजू सांभाळणारे दत्ताराम वाडकरही गोव्याचेच. म्हणजे तुम्हाला हवा असलेला माणूस तुमच्या शेजारच्या तालुक्यात असण्याची शक्यता बरीच आहे. कला अकादमीच्या पाश्चात्त्य संगीत विभागात, चर्चच्या क्वायरमध्ये, तियात्राच्या (कोंकणी संगीत नाटकाच्या) बँडमध्ये चौकशी करा. त्याला पैसे द्या, आणि श्रेयनामावलीत ‘संगीत संयोजन’ म्हणून त्याचं नाव द्या. जुन्या काळी ही नावं पडद्यावर क्वचितच यायची.

त्याच्याकडे जाण्याआधी एक गोष्ट स्वतः ठरवा: पट्टी. पेटीवाला गायकाच्या सोयीने काळी एक धरतो. व्हायोलिनच्या मोकळ्या तारा मात्र प, रे, ध, ग अशा (पांढरी एकला सा मानलं तर पंचम, रिषभ, धैवत, गंधार) असतात, आणि काळी एकमध्ये त्यातली एकही तार धड कामाला येत नाही. आवाज कोंडल्यासारखा येतो. तेच गाणं अर्धा सूर वर, पांढरी दोनमध्ये नेलं की तारा गुंजायला लागतात. पण ट्रम्पेटला उलटं आहे. तो कागदावर एक पूर्ण सूर वर लिहावा लागतो, त्यामुळे पांढरी दोनचं गाणं वादकाला ४ शार्पमध्ये वाचावं लागतं आणि काळी एकचं ३ फ्लॅटमध्ये, जे त्याच्या हाताला जास्त सवयीचं. म्हणून गाण्यात तारा पुढे आहेत की ब्रास, ते आधी ठरवा आणि गायकाला दोन्ही पट्ट्यांत मुखडा आणि अंतऱ्याचा सर्वांत वरचा सूर गायला लावा. मुखड्यावर पट्टी ठरवणारे अंतऱ्यात फसतात.

पेटीचंही बघा. जुन्या हार्मोनियमची पट्टी ४४० हर्ट्‌झ या प्रमाण सुराला असेलच असं नाही. ट्यूनर लावा. ४४६ निघाली तर ती संगणकातल्या वाद्यांपेक्षा २३ सेंट, म्हणजे अर्ध्या सुराच्या जवळजवळ पाव हिश्शाने चढी आहे. ध्वनिमुद्रणात दोन्ही एकत्र आली की लाटा उठतात आणि गायक बिचारा कोणाला धरावं या गोंधळात बेसूर होतो. सरळ संपूर्ण प्रोजेक्ट ४४६ला लावा किंवा ती पेटी फक्त चाली बांधायला ठेवा.

पटात घुमट, म्हणजे मडक्यावर चामडं ताणलेलं गोव्याचं तालवाद्य, वापरायचा मोह होणारच. वापरा. गोवा सरकारने २०१९मध्ये त्याला वारसा वाद्य म्हणून मान्यता दिली आहे. पूर्वी त्याला घोरपडीचं कातडं लागायचं. वन्यजीव कायद्याने ते बंद आहे, आता बकरीचं असतं, आणि नाद थोडा बदलतो हे खरं. मुद्रण एका माइकवर केलंत तर अर्धंच घुमट मिळेल. चामड्याच्या बाजूला तिरका, वीतभर अंतरावर एक माइक ठेवा, आणि वादक डाव्या तळव्याने उघडमीट करतो त्या तोंडाजवळ दुसरा, थोडा लांब. खालचा घुमारा तिथून येतो. दोन्ही एकत्र मोनोमध्ये ऐका. घुमारा पातळ झाला असेल तर एका माइकची पोलॅरिटी उलटी करा, लगेच भरेल. त्या तुकड्यात बास गिटार किंवा चेलोची खालची ओळ ठेवू नका, दोघंही एकाच जागेसाठी भांडतात. पावसाळ्यात चामडं उतरतं, म्हणून प्रत्येक टेकआधी बल्बच्या उबेला धरायला वेळ सोडा. घुमटाच्या साथीचे शामेळ (छोटा ताशासारखा ढोल) आणि कांसाळं (झांजा) वेगवेगळ्या वेळी घ्या, नाहीतर कांसाळ्याची किणकिण घुमटाच्या माइकात शिरते ती काढता येत नाही.

‘पारंपरिक’ समजून एखादी मांडोची (गोव्यातल्या कोंकणी प्रेमगीतप्रकाराची) किंवा जुन्या कोंकणी गाण्याची सुरावट घेणार असाल तर रचनाकार शोधा. कायद्याने त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क राहतो. कोंकणी गाण्यांचे संगीतकार क्रिस पेरी २००२मध्ये गेले, म्हणजे त्यांच्या चाली २०६२ संपेपर्यंत परवानगीशिवाय वापरता येणार नाहीत, लग्नाच्या बँडने त्या कितीही वाजवोत. धालो, फुगडी या बायकांच्या लोकनृत्यांच्या गीतांबाबत ती अडचण नाही. तरी ज्या वाड्यावर ऐकलंत त्याचा उल्लेख श्रेयनामावलीत करावा असं आमचं मत.

घरच्या माइकवर गाणं घेता येतं. कौलारू घर असेल तर जून ते सप्टेंबर विसरा. कौलांवरचा पाऊस आणि मागच्या शेतातले बेडूक कुठल्याही सॉफ्टवेअरने स्वच्छ निघत नाहीत. बाकीच्या महिन्यांत आतली, कपड्यांच्या कपाटाची खोली घ्या. गायकाच्या पाठीमागे दोन गोधड्या टांगा, कारण माइकाचं तोंड त्याच दिशेला असतं. तोंड आणि माइक यांत १५ ते २० सेंटीमीटर, मध्ये पॉप फिल्टर. फ्रिज आणि पंखा बंद. सर्वांत मोठा सूर उणे १० डेसिबलच्या आसपास राहील इतकंच गेन ठेवा, २४ बिटमध्ये त्याहून जोर लावायची गरज नसते. माइक हवाबंद डब्यात सिलिका जेलसह ठेवा, आपल्या दमट हवेत त्याच्या पडद्यावर बुरशी धरते. वायरिंगला अर्थिंग नीट नसेल तर स्पीकरमधून गुणगुण येते. ती आधी इलेक्ट्रिशियनकडून घालवा. तबला आणि घुमट मात्र स्टुडिओतच घ्या.

देताना पूर्ण मिक्स एकच फाइल करून दिलात तर फायनल मिक्सिंग करणाऱ्याचे हात बांधले जातात. संवादाखाली बासरी बोचत असेल तर त्याला सगळंच संगीत खाली करावं लागतं. बासरी, व्हायोलिन, पेटी यांचा नाद बोलण्याच्या स्पष्टतेच्याच पट्ट्यात येतो. म्हणून स्टेम, म्हणजे वाद्यगटांच्या वेगवेगळ्या फाइली द्या: ताल, खालचे सूर, तंतुवाद्यं, सुषिर (फुंकून वाजवायची वाद्यं) आणि पेटी, मानवी आवाज, बाकीचं. ५-६ पुरेत. सगळे एकाच क्षणापासून सुरू होणारे, आणि रिळाच्या पहिल्या फ्रेमच्या बरोबर २ सेकंद आधी एका फ्रेमचा ‘बीप’. लिमिटर लावून आवाज फुगवू नका, ते गाण्यांच्या बाजारासाठी. पटात मोकळी जागा लागते.

पैशांचं. चार लाखांचं पॅकेज म्हणजे वादक वाढला की तुमचा मेहनताना कमी. दोन रकाने करा: एका बाजूला तुमचं मानधन, दुसऱ्या बाजूला गायक, वादक, संयोजक, स्टुडिओ, मिक्सिंग यांचा खर्च, प्रत्यक्ष दर विचारून. दुसरा रकाना निर्मात्याने थेट भरावा असा आग्रह धरा. ते ऐकलं नाही तर निदान वादकांची संख्या करारात लिहा. हप्ते तीन: सही करताना, गाणी मंजूर झाल्यावर, आणि शेवटचे स्टेम देण्याआधी. सरकारी रकमेची वाट हा हप्ता होऊ शकत नाही, ती रक्कम कधी आणि किती येईल ते तुमच्या हातात नाही. दुरुस्तीच्या दोन फेऱ्या मानधनात, तिसरीपासून वेगळे पैसे, लॉकनंतर चित्र बदललं तरी वेगळे. मानधनातून १० टक्के टीडीएस कापला जाईल, तो धरूनच हिशोब करा. आणि शाळा सरकारी किंवा अनुदानित असेल तर मुख्याध्यापकांमार्फत लेखी परवानगी घेऊन ठेवा.

हक्कांच्या त्या वाक्यातला ‘रॉयल्टीसकट’ हा शब्द चालणारा नाही. १९५७च्या कॉपीराइट कायद्यात २०१२ साली दुरुस्ती झाली. पटासाठी केलेल्या संगीताचा हक्क तुम्ही निर्मात्याला देऊ शकता, पण चित्रपटगृहातलं प्रदर्शन सोडून टीव्ही, रेडिओ, इंटरनेट, कार्यक्रम अशा इतर वापरांतली रॉयल्टी समान वाट्याने मिळण्याचा हक्क सोडून देता येत नाही. वारस किंवा कॉपीराइट सोसायटी यांनाच तो देता येतो. याविरुद्धचा करार त्या भागापुरता रद्द ठरतो. तरीही तो शब्द खोडून घ्या, सही झाल्यावर कायदा दाखवत बसण्यापेक्षा ते सोपं. मुदत लिहिली नसेल तर कायदा ती ५ वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. म्हणून निर्मात्याला ही कलमं स्पष्ट हवी असतील, आणि तिथे तुम्हाला घासाघीस करायला जागा आहे. रॉयल्टी गोळा करून वाटणाऱ्या इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीचे सभासद व्हा आणि गाण्यांबरोबर पार्श्वसंगीताचीही क्यू शीट (कुठला तुकडा कुठे, किती वेळ आहे याची यादी) भरा. वर सांगितलेली ‘३एम७’ची वही तेव्हा जशीच्या तशी उपयोगी पडते. लोक गाणी नोंदवतात आणि ५० मिनिटांचं पार्श्वसंगीत विसरतात.

मुंबईबद्दल: या कामासाठी घर हलवू नका. स्टेम इंटरनेटवरून जातात. फायनल मिक्सिंग मुंबईत असेल तर मात्र ते दिवस रजा टाकून जाच, आणि मूळ प्रोजेक्टची हार्ड डिस्क बरोबर न्या. एखादा स्वर संवादावर आदळतोय असं तिथेच कळतं, आणि तिथल्या तिथे बदलून देणाऱ्याला पुढच्या पटासाठी फोन येतो. असे दोन-तीन पट इथून झाले आणि फोन मुंबईहून यायला लागले, तर तेव्हा बिनपगारी रजेचा अर्ज करा.

दिग्दर्शक हप्ते आणि रॉयल्टी यांवर अडून बसला तर त्याला दुसरा पर्याय द्या: तुम्ही फक्त ४ गाणी कराल, त्याचं वेगळं मानधन, आणि पार्श्वसंगीत त्याने दुसऱ्याकडून करून घ्यावं. पडद्यावर ‘संगीत’ आणि ‘पार्श्वसंगीत’ अशी दोन नावं असणं सर्रास चालतं.